एक साक्ष, तीन न्यायालये आणि शाळेचे रजिस्टर



खडेबाजाराच्या गजबजाटातून वाट काढीत ज्या शाळेत मी लहानपणी येत होतो, त्याच शाळेच्या सभागृहात आमच्या सरांच्या स्मरणार्थ बोलण्याची संधी मिळावी, याहून मोठे भाग्य वृद्धापकाळी कोणते? व्याख्यानासाठी मी एखादा साहित्यविषय निवडीन अशी आपली अपेक्षा असणार. आयुष्य मराठी शिकविण्यात गेले; कायद्याचा मी पदवीधर नाही. तरीही आज मी न्यायालयांविषयी बोलणार आहे. अज्ञान मुलीला पळवून नेणे आणि तिच्यावर अत्याचार होणे अशा खटल्यांत वरची न्यायालये पुराव्याचे वजन कसे करीत आली, हा माझा विषय आहे. त्याचे कारण एका जुन्या आठवणीत आहे; आरंभी तीच सांगतो.

१९७४ च्या सुमारास निपाणी भागातील एका शाळेत मी नवखा शिक्षक होतो. मुलगी पळवून नेल्याच्या एका खटल्यात शाळेचे जनरल रजिस्टर हजर करण्याचा हुकूम बेळगावच्या कोर्टातून आला. मुख्याध्यापक आजारी होते. रजिस्टर पिशवीत घालून मी एस.टी.ने निघालो. साक्षीच्या पिंजऱ्यात मी उभा राहिलो, मुलीची जन्मतारीख वाचून दाखविली. आपले काम संपले असे मला वाटले. मग आरोपीचे वकील उठले. ही तारीख कोणी सांगितली? मी म्हणालो, वडिलांनी सांगितली असावी. आपण तेव्हा हजर होतात काय? नव्हतो. नोंद आपल्या हस्ताक्षरात आहे काय? नाही. नंतर त्यांनी रजिस्टर मागून घेतले आणि त्याच पानावरील इतर नोंदी मला मोठ्याने वाचावयास लावल्या. अकरा मुलांपैकी नऊ मुले १ जून रोजी जन्मलेली होती. कोर्टात हशा पिकला. त्या मुलीची तारीखही १ जूनच होती.

आपल्यापैकी कित्येकांच्या दाखल्यावर हीच तारीख आहे, माझ्याही आहे. जूनमध्ये शाळा भरे, बाप पोराचा हात धरून येई, वय विचारले तर 'सहा भरली असतील' म्हणे, आणि मास्तर १ जून लिहून मोकळा होई. त्यात कोणाचा दुष्ट हेतू नव्हता. त्या जूनमध्ये मीही तशा चार नोंदी केल्या होत्या. त्या खटल्यात आरोपी सुटला. मुलगी खरोखर सतरा वर्षांची होती की एकोणीस, हे मला आजतागायत ठाऊक नाही. आरोपी निर्दोष असेलही. पण खटल्याचा कणा असलेला प्रश्न आमच्या रजिस्टराने सोडविला नाही, हे शल्य मात्र राहिले. त्या दिवसापासून अशा खटल्यांचे निकाल मी वाचीत आलो.

प्रथम वयाचे महत्त्व लक्षात घेऊ. दंडसंहितेच्या दृष्टीने पळवून नेण्याच्या गुन्ह्यात मुलगी अठरा वर्षांखालील असेल, तर तिच्या राजीखुशीला अर्थ नसतो. पालकाच्या ताब्यातून तिला नेले एवढेच पाहिले जाते. बलात्काराच्या गुन्ह्यात मात्र संमतीचे वय निराळे होते. १८६० मध्ये ते दहा वर्षे होते. १८९१ मध्ये बारा झाले, आणि त्या वेळी महाराष्ट्रात केवढे वादळ उठले, सुधारक आणि लोकमान्य टिळक कसे समोरासमोर उभे ठाकले, हे आपण जाणताच. १९२५ मध्ये चौदा, स्वातंत्र्यानंतर १९४९ मध्ये सोळा, आणि २०१२-१३ च्या कायद्यांनी अठरा. म्हणजे मी कोर्टात उभा होतो त्या काळी एकाच मुलीच्या वयाला दोन उंबरठे होते. एका वर्षाच्या फरकाने एकच कृत्य गुन्हा ठरे किंवा ठरत नसे.

आता अपिलाची रीत. खालच्या कोर्टातील न्यायाधीश साक्षीदाराला डोळ्यांनी पाहतो, त्याचा आवाज ऐकतो. साक्षीदाराच्या वर्तनाविषयी टिपण ठेवण्याची तरतूदही फौजदारी प्रक्रियेत आहे. वरच्या न्यायालयापुढे येतो तो केवळ कागद. म्हणून १९३४ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने शिवस्वरूप खटल्यात दंडक घालून दिला. आरोपी सुटल्याविरुद्धच्या अपिलात उच्च न्यायालयाला सर्व पुरावा नव्याने तपासण्याचा पूर्ण अधिकार आहे. परंतु साक्षीदार प्रत्यक्ष पाहिलेल्या न्यायाधीशाचे मत, निर्दोषत्वाचे गृहीतक आणि संशयाचा फायदा या गोष्टींना त्याने योग्य ते वजन दिले पाहिजे. २००७ मध्ये कर्नाटकातील चंद्रप्पा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हीच सूत्रे पुन्हा एकत्र मांडली. एकाच पुराव्यावरून दोन वाजवी निष्कर्ष निघत असतील, तर सुटकेचा निकाल फिरवू नये, हे त्यांतील एक. आपल्या भागाची अपिले १९५६ पर्यंत मुंबईस जात, मग बंगळुरास जाऊ लागली आणि २००८ पासून धारवाडास जातात. गाव बदलले तरी दंडक तोच आहे.

दंडक एकच, पण तराजूत काय टाकावयाचे? येथेच इतिहास सुरू होतो. अत्याचाराला सहसा साक्षीदार नसतो; असते ती एकटी मुलगी. तिच्या शब्दाला दुसऱ्या पुराव्याचा दुजोरा हवाच काय? १९५१ च्या डिसेंबरात सर्वोच्च न्यायालयापुढे राजस्थानातील रामेश्वर खटला आला. मुलगी आठ वर्षांची. पहिल्या कोर्टाने शिक्षा दिली. सत्र न्यायाधीश म्हणाले की मनाची खात्री पटते, पण कायद्याला लागणारा दुजोरा नाही. म्हणून आरोपी सुटला. उच्च न्यायालयाने ते फिरविले. अखेरचा निकाल लिहिला न्यायमूर्ती विव्हियन बोस यांनी, जे त्यापूर्वी नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती होते. त्यांनी सांगितले की दुजोरा ही कायद्याची अट नाही, ती शहाणपणाची सूचना आहे; ती न्यायाधीशाच्या मनात जागी असावी, पण प्रकरण पाहून ती बाजूस ठेवता येते. हा निकाल स्वातंत्र्यानंतर अवघ्या चार वर्षांत झालेला. तो सर्वत्र आचरणात आला असता, तर पुढे जे सांगणार आहे ते घडले नसते.

महाराष्ट्रातील, मराठी बोलणाऱ्या माणसांचा तो खटला आहे. 'तुकाराम विरुद्ध महाराष्ट्र राज्य' या नावाने तो कायद्याच्या ग्रंथांत छापला आहे. लोकांत मात्र तो त्या मुलीच्या नावाने ओळखला जातो. अशा मुलीचे नाव प्रसिद्ध करणे १९८३ पासून गुन्हा ठरले, आणि तो बदल तिच्याच खटल्यामुळे झाला. म्हणून मी ते नाव उच्चारणार नाही.

चंद्रपूर जिल्ह्यातील देसाईगंज; आज ते गडचिरोली जिल्ह्यात आहे. आईबाप नसलेली एक आदिवासी मुलगी, भावाबरोबर राहणारी, मजुरी करणारी. जेथे ती कामाला जाई त्या घरातील एका तरुणाशी तिचे मन जुळले. २६ मार्च १९७२ रोजी भावाने पोलीस ठाण्यात फिर्याद दिली की आपल्या बहिणीला पळवून नेले आहे. म्हणजे या साऱ्या प्रकरणाचा आरंभ पळवून नेल्याच्या तक्रारीतून झाला. ठाण्यात आणलेल्या त्या मुलीचा जबाब झाला, रात्र झाली, मंडळी घरी निघाली. तिला मात्र थांबवून घेण्यात आले. आपल्यावर तेथील एका कॉन्स्टेबलने अत्याचार केला आणि हेड कॉन्स्टेबलने अंगाशी लगट केली, असे तिने सांगितले. बाहेर जमाव जमला, फिर्याद नोंदविणे भाग पडले. दुसऱ्या दिवशी रात्री डॉक्टरांनी तपासले. अंगावर जखम नव्हती. वय त्यांनी अंदाजाने चौदा ते सोळा सांगितले.

श्रोतेहो, या अंदाजाकडे नीट पाहा. सोळाखालील वय निर्विवाद सिद्ध झाले असते, तर संमतीचा प्रश्न तेथेच संपला असता. सत्र न्यायाधीशांनी ठरविले की ती सोळाखालील असल्याचा समाधानकारक पुरावा नाही. एका भरवशाच्या जन्मनोंदीच्या अभावी सारा खटला संमती या एका शब्दावर येऊन ठेपला. ज्या वर्षी मी बेळगावच्या कोर्टात उभा होतो, त्याच १९७४ साली चंद्रपूरच्या सत्र न्यायालयाचा निकाल लागला; आणि योगायोग असा की त्याचीही तारीख १ जून होती. न्यायाधीशांनी मुलीला खोटारडी ठरविले, तिच्या पूर्वीच्या संबंधांकडे बोट दाखविले आणि दोघांनाही सोडले.

अपील नागपूरला उच्च न्यायालयापुढे गेले. पुरावा तोच, कागद तेच. १९७६ मध्ये उच्च न्यायालयाने निकाल फिरविला. त्याची भूमिका एका शब्दभेदावर उभी आहे, आणि भाषेचा विद्यार्थी म्हणून मला तो भेद फार मोलाचा वाटतो. संमती निराळी आणि असहायपणे शरण जाणे निराळे. दोघे पोलीस तिला परके, ठाणे त्यांचे, भावाची तक्रार त्यांच्या हातात. अशा वेळी ती ओरडली नाही, तिने हात उगारला नाही, यावरून ती राजी होती असे म्हणता येत नाही. कॉन्स्टेबलला पाच वर्षांची आणि हेड कॉन्स्टेबलला एक वर्षाची सक्तमजुरी झाली.

तिसरा तराजू दिल्लीस. १५ सप्टेंबर १९७८ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींनी दोघांनाही निर्दोष सोडले. जखमा नाहीत, म्हणून जोराने प्रतिकार केल्याची हकीकत खोटी. बाहेर आपली माणसे असताना तिने त्यांना हाक मारली नाही. मृत्यूचे वा इजेचे भय घातल्याचा पुरावा नाही. तेव्हा जे घडले ते शांतपणे घडले, असा त्या निकालाचा आशय आहे. आपल्याकडे 'मौनं संमतिलक्षणम्' असे वचन प्रचलित आहे. लग्नघरात ते गोड वाटते. मध्यरात्रीच्या पोलीस ठाण्यात त्याचा अर्थ काय होतो, हे त्या निकालाने दाखविले.

हा निकाल वर्षभर फारसा कोणाच्या ध्यानात आला नाही. १६ सप्टेंबर १९७९ रोजी कायद्याच्या चार अध्यापकांनी सरन्यायाधीशांना उघडे पत्र लिहिले. उपेंद्र बक्षी, लतिका सरकार, रघुनाथ केळकर आणि वसुधा धागमवार हे ते चौघे. त्यांत दोन नावे मराठी आहेत याचा मला अभिमान वाटतो. संमतीत शरणागती असते, पण शरणागतीत संमती असतेच असे नाही, हा नागपूरच्या न्यायालयाचा भेद त्यांनी पुन्हा उभा केला. गरीब आदिवासी पोरीने ठाण्यात पोलिसांपुढे प्रतिकाराच्या खुणा अंगावर घेऊन बाहेर यावे, अशी अपेक्षा करणारे न्यायालय कोणत्या जगात वावरते, हा त्यांच्या प्रश्नाचा रोख होता. १९८० मध्ये मुंबईसह देशभर स्त्रियांच्या संघटना रस्त्यावर आल्या. तो निकाल बदलला नाही. बदलला तो कायदा. १९८३ च्या दुरुस्तीने ठरले की पोलीस वा तत्सम अधिकाराखाली असलेल्या स्त्रीशी संबंध सिद्ध झाला आणि 'माझी संमती नव्हती' असे तिने कोर्टात सांगितले, तर संमती नव्हती असे न्यायालय गृहीत धरील. सुनावणी बंद दाराआड व्हावी आणि मुलीचे नाव गुप्त राहावे, हेही त्याच दुरुस्तीने आले.

पुढच्या निकालांत तराजूचे पारडे कसे हलले, ते थोडक्यात सांगतो. १९८१ मध्ये नागपुरातच एका नवविवाहितेने पोलीस उपनिरीक्षकावर आरोप केला. खालच्या कोर्टाने शिक्षा दिली, उच्च न्यायालयाने सोडले, आणि १९९० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने शिक्षा कायम केली. अत्याचार झालेली स्त्री गुन्ह्याची भागीदार नव्हे. जखमी साक्षीदाराच्या शब्दाला जे वजन, ते तिच्या शब्दाला, असे त्या निकालाने सांगितले. १९९६ चा पंजाबातील गुरमित सिंग खटला आपल्या शाळेला अधिक जवळचा आहे. दहावीच्या परीक्षेहून परतणाऱ्या मुलीला मोटारीत घालून पळवून नेले होते. खालच्या कोर्टाने तिला अविश्वसनीय ठरविले; का, तर मोटार कोणत्या बनावटीची हे तिला नीट सांगता आले नाही, वाटेत ती ओरडली नाही, फिर्यादीस उशीर झाला. सर्वोच्च न्यायालयाने एकेक मुद्दा खोडून काढला. भेदरलेल्या मुलीने मोटारीची बनावट लक्षात ठेवावी काय? घरच्यांनी अब्रूच्या भीतीने विचार करण्यात वेळ घालविला तर तो उशीर संशयास्पद काय? किरकोळ विसंगतींवर खटला फेकून न देता साऱ्या परिस्थितीचा एकत्र विचार करावा, असे बजावून न्यायालयाने आरोपींना दोषी ठरविले. २००२ च्या दुरुस्तीने मुलीच्या चारित्र्यावर शिंतोडे उडवून तिची साक्ष पाडण्याची जुनी मुभा पुराव्याच्या कायद्यातून काढली. प्रतिकार केला नाही एवढ्यावरून संमती मानू नये, हे २०१३ मध्ये कायद्यातच लिहिले गेले.

याचा अर्थ मुलीचा शब्द डोळे मिटून स्वीकारावा असा नव्हे. २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेच सांगितले की खोटा आरोपही माणसाला तितकाच उद्ध्वस्त करतो. पळवून नेल्याच्या कायद्यातही हा तोल आहे. १९६४ च्या वरदराजन खटल्यात सज्ञानतेच्या उंबरठ्यावरील कॉलेजची विद्यार्थिनी आपणहून घर सोडून तरुणाला भेटली, त्याच्याशी लग्नाचा करार नोंदविला. त्याने तिला नेले नाही, सोबत येऊ दिले, असे म्हणून न्यायालयाने त्याला सोडले. पुढे हरियाणातील एका खटल्यात मात्र असे ठरले की मुलीची इच्छाच आरोपीने फूस लावून निर्माण केली असेल, तर बळजबरी नसली तरी तो गुन्हाच. जातीबाहेर प्रेम केलेल्या मुलीचा बाप जेव्हा 'पळवून नेली' अशी फिर्याद देतो, तेव्हा हा सूक्ष्म भेदच एखाद्या निरपराध तरुणाला वाचवितो. म्हणून संशयाचा फायदा हा शब्द मला खुपत नाही. खुपते ते एवढेच की तो संशय पुष्कळदा आपल्याच निष्काळजीपणातून जन्माला येतो.

पुन्हा आपल्या रजिस्टराकडे येतो. १९८८ मध्ये बिरदमल सिंघवी खटल्यात, जो निवडणुकीचा होता, सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की शाळेच्या रजिस्टरातील नोंद पुराव्यात दाखल होते खरी, पण ती तारीख कोणी व कशाच्या आधारे सांगितली हे सिद्ध झाले नाही, तर तिला वजन नाही. बेळगावच्या वकिलांनी चौदा वर्षे आधी मला विचारले होते ते हेच. हाडांवरून वय काढावे तर त्यात दोन वर्षे इकडेतिकडे होऊ शकतात, हे न्यायालयाने १९८२ मध्येच मान्य केले. २०१३ मध्ये जर्नेल सिंग खटल्यात ठरले की अत्याचारग्रस्त मुलीचे वयही बालन्यायाच्या नियमांच्या क्रमाने ठरवावे. सध्याच्या कायद्यातील क्रम असा : प्रथम शाळेचा जन्मतारखेचा दाखला किंवा दहावीचे प्रमाणपत्र, ते नसल्यास नगरपालिका वा पंचायतीची जन्मनोंद, आणि काहीच नसेल तरच वैद्यकीय चाचणी. म्हणजे शाळेचा कागद पहिल्या पंगतीस बसला. परंतु २०२३ च्या जुलैमध्ये एका खटल्यात न्यायालयाने शाळा बदलल्याचा दाखला आणि प्रवेश रजिस्टराचा उतारा हे कायद्याला अभिप्रेत कागद नव्हेत असे म्हणून शिक्षा रद्द केली. मानाचे पान मिळाले, तशी जबाबदारीही वाढली.

जुन्या मराठी महजरांत निवाड्याच्या आरंभी हजर असलेल्या माणसांची नावे लिहीत आणि कुणबी नांगराची निशाणी करीत. कोण बोलला, कोणासमक्ष बोलला, हे आधी. काय बोलला, हे नंतर. आमच्या नोंदीत नेमके हेच 'कोण' नव्हते.

ज्यांच्या स्मरणार्थ आपण जमलो आहोत, त्या सरांची एक सवय जुन्या विद्यार्थ्यांना आठवत असेल. प्रवेशाच्या दिवसांत एखाद्या पोराची तारीख सांगता आली नाही, तर ते संध्याकाळी त्याच्या घरी जात आणि आईला विचारीत. मूल पोटात असताना कोणता सण होता, पेरणी झाली होती काय, पाटलाच्या थोरल्याचे लग्न आधी की नंतर? मग पंचांग उघडून तारीख काढीत, आणि नोंदीशेजारी बारीक अक्षरात लिहीत, 'आईने सांगितले'. आम्ही तरुण शिक्षक त्यांना हसत असू. माझी स्वतःची १ जून ही तारीख मी त्यांच्या शाळेत येण्यापूर्वीच पडलेली होती. ती त्यांना बदलता आली नाही, याची खंत त्यांनी मला एकदा बोलून दाखविली होती.

आज जन्माची नोंद रुग्णालयातच होते आणि नवा पुरावा कायदा १ जुलै २०२४ पासून अमलात आला आहे. तरी ऊसतोडीच्या टोळ्यांबरोबर फिरणारी, विटभट्टीवर जन्मलेली मुले आजही शाळेच्या दाराशी तारखेवाचून येतात. सीमाभागात आणखी एक अडचण आहे. मुलगी मराठीत बोलते, तिचा जबाब कन्नडात उतरतो, आणि अपिलापर्यंत पोचेतो तो इंग्रजी होतो. 'मी गप्प राहिले' या तीन शब्दांत भीती होती की होकार, हे भाषांतराच्या त्या प्रवासात हरवू नये, यासाठी जबाब घेणाऱ्या, लिहिणाऱ्या आणि भाषांतर करणाऱ्या प्रत्येकाने जपावयास हवे. देसाईगंजच्या मुलीचे शब्द तीन न्यायालयांनी वाचले. तिला पाहिले होते पहिल्याने, आणि समजून घेतले दुसऱ्याने, ज्याने तिला पाहिलेही नव्हते. म्हणून मला वाटते, कागद प्रामाणिक असेल आणि वाचणारा जाणता असेल, तर दुरूनही न्याय होऊ शकतो. वाचणारा कोण असावा हे आपल्या हाती नाही. कागद मात्र येथे, या शाळेच्या कार्यालयात, दर जूनमध्ये लिहिला जातो.

माजी विद्यार्थ्यांनी या व्याख्यानमालेसाठी निधी जमविला, त्यांना माझी एक विनंती आहे. त्यातील थोडा भाग जुनी रजिस्टरे नीट बांधून जपण्यासाठी ठेवावा; आणि सरांची 'आईने सांगितले' ही टीप जेथे जेथे सापडेल, ते पान नव्या शिक्षकांना एकदा उघडून दाखवावे.